कासवासाठीचा शब्द

आमच्या आष्ट्याच्या घरात एका हिवाळ्यात कासव आलं आणि त्याच्यासोबत एक शब्द आला. कासव पंधरा-वीस दिवसांत परत गेलं. शब्द मात्र चांगला दीड वर्ष मुक्कामाला राहिला, आणि त्यानं आमच्या घरात जो घोळ घातला तो मी अजून कुणाला धड सांगितलेला नाही. आता सांगायला हरकत नाही. ज्यांना राग येईल अशी माणसं राहिली नाहीत, आणि एक उरली आहे ती माझी थोरली बहीण मंदाताई, तिला तसाही कशाचाही राग येतो.

माझे वडील, आम्ही त्यांना अण्णा म्हणायचो, हायस्कुलात जीवशास्त्र शिकवायचे. शाळेच्या आवारातल्या विहिरीचा गाळ काढायला घेतला तेव्हा तळातनं ताटलीएवढं एक कासव वर आलं. ते कुठं ठेवायचं यावर शिक्षकांत चर्चा झाली आणि अण्णांनी ते बादलीत घालून, सायकलच्या हँडलला अडकवून घरी आणलं. आमचं घर म्हणजे पिठाच्या गिरणीला लागून दोन खोल्या, पत्र्याचं छप्पर आणि मागं एवढंसं परस. गिरणी चालू असली की आमच्या भिंती बारीक थरथरायच्या आणि फडताळातल्या कपबशा एकमेकींशी बोलायच्या. परसात धुण्याच्या दगडाशेजारी सिमेंटची टाकी होती, तीत कासवाची सोय झाली. पहिले दोन दिवस गल्लीतली पोरं बघायला आली. कासव काहीच करत नाही हे कळल्यावर यायची बंद झाली.

काळजी फक्त आईला. घरात आलेला जीव जेवत नाही म्हणजे तिच्या दृष्टीनं तिचाच कमीपणा. तिनं त्याला शाळूच्या भाकरीचा कुस्करा घालून बघितला, उकडलेले हरभरे घातले, एकदा तर वाटीभर हुलग्याच्या पिठाचं पातळ माडगं नेऊन टाकीच्या काठावर ठेवलं. कासवानं मान बाहेर काढली, माडग्याकडं बघितलं आणि मान परत आत घेतली. "आवं, आठ दिस झालं, अन्नाचा कण न्हाई पोटात," आई अण्णांना म्हणाली. "मरंल की हो ते. पाप लागंल आपल्याला." तेव्हा अण्णांनी आम्हा दोघी बहिणींना आणि आईला टाकीपाशी उभं करून समजावून सांगितलं. त्यांना कुणीतरी उभं राहून ऐकणारं लागायचंच, वर्गात काय आणि घरात काय.

ते म्हणाले, आपण झोपलेलो असलो तरी आपल्या पोटातली चूल पेटलेलीच असते. अंग गरम ठेवायला तिला सारखं सरपण लागतं, म्हणून आपल्याला दोन वेळा खावं लागतं. कासवाची चूल निवांत असताना राखेखालच्या निखाऱ्याएवढी. हवा गार असली की ती आणखी मंद. त्याला आठ दिवस काय, महिनाभर खायला दिलं नाही तरी चालतं. असा जो प्राणी, विश्रांतीत ज्याचा चयापचय फार मंद असतो, त्याला शास्त्रात ब्रॅडिमेटॅबॉलिक म्हणतात. ब्रॅडि म्हणजे मंद. ग्रीक शब्द आहे. "म्हणजे आळशी," मंदाताई म्हणाली. "नाही!" अण्णा एवढ्या जोरात ओरडले की कासवानं उरलेसुरले पायही आत घेतले. "आळस हा स्वभाव झाला. ही शरीराची घडण आहे. वेळ आली तर हेच कासव पाण्यात तुझ्या हातून सटकून जाईल. आळशी म्हणायचं नाही."

अण्णांची ही एक खोड होती. शब्द चुकीचा वापरलेला त्यांना खपायचा नाही. कोळ्याला कुणी किडा म्हटलं की ते त्याचे आठ पाय मोजून दाखवायचे. दूधवाला पालीला विषारी म्हणाला तर त्याला दारात थांबवून पाव तास ऐकवायचे, तोवर पुढच्या चार घरांचा चहा खोळंबायचा. तेव्हा हा नवा शब्द आमच्या हाती लागला आणि त्याचा गैरवापर करता येतो हे आमच्या लक्षात आलं, त्याचा आम्हाला झालेला आनंद तुम्ही समजू शकता. खरं तर त्याला मराठीत सरळ मंदचयापचयी म्हणता आलं असतं. पण तो शब्द उच्चारला की मंदाताई अंगावर धावून यायची. बिचारीचं नावच मंदा, आणि अख्ख्या घरात सगळ्यांत चपळ तीच. म्हणून आम्ही इंग्रजीच धरला, आणि तोही ओढून-तोडून नुसता 'ब्रॅडी' केला. ब्लाउज शिवायला तीन-तीन महिने लावणारा कोपऱ्यावरचा शिंपी ब्रॅडी. पोस्टाची खिडकी ब्रॅडी. आमच्या वर्गातली कुसुम, जिचा डबा खाऊन होईपर्यंत पुढचा तास संपायचा, ती तर महाब्रॅडी. अण्णा प्रत्येक वेळी कळवळून सांगायचे, "खिडकीला चयापचय नसतो गं!" आम्ही मान डोलवायचो आणि परसात जाऊन हसायचो.

विहिरीचं काम संपल्यावर कासव परत गेलं. त्यानंतर कधीतरी, नक्की कधी ते आमच्यातल्या कुणालाच सांगता येणार नाही, आई हळू व्हायला लागली.

मुळात आई फार घाईची बाई. तिची भाकरी थापायची थपथप गिरणीच्या आवाजातसुद्धा वेगळी ओळखू यायची. एक भाकरी तव्यावर, एक फुगायला निखाऱ्यावर, एक हातात, आणि त्यातच ती मंदाताईला वेणीवरनं बोलायची, मला शेंगदाणे भाजायला बसवायची आणि खिडकीतनं शेजारणीला उत्तरंही द्यायची. ही थपथप मला झोपेतनं उठवायची. पुढं पुढं मी उशिरा उठायला लागले आणि त्याबद्दल बोलणी खाल्ली. आज वाटतं, माझं काही चुकत नव्हतं. मला उठवणारा आवाजच विरळ झाला होता. एक थाप, मग थोडं थांबणं, मग दुसरी थाप. भाकरी व्हायची, पण चूल मधेच फुकट जळत राहायची. तिचा आवाज बसला, घोगरा झाला. घेवड्याच्या शेंगा निवडता निवडता ती बसल्या जागी पेंगायची. आंघोळीनंतर फणीत केसांचे पुंजके यायचे. तोंड जरा सुजल्यासारखं दिसायचं, ते बघून शेजारणी म्हणायच्या, तब्येत सुधारली की बाई तुमची. आणि तिला थंडी वाजायची. उन्हाळ्यात ऊसतोड संपून रानं मोकळी पडली, पत्रा दुपारी चटके द्यायला लागला, आम्ही आंबील पिऊन ओल्या फरशीवर लोळायचो, आणि आई अण्णांचा जुना खाकी स्वेटर घालून चुलीपाशी बसलेली. गावातल्या डॉक्टरांनी रक्तवाढीचं लाल औषध दिलं, ते तिनं निमूट घेतलं. काही फरक पडला नाही.

आम्ही काय केलं? आम्ही तिला ब्रॅडी म्हणायला लागलो. "ब्रॅडी, वाढ की गं," असं आम्ही म्हणायचो आणि ती हसायची. तिचं हसूही उशिरा यायचं. आधी आमच्याकडं बघायची, मग काय बोललो ते तिच्यापर्यंत पोचायचं, मग हसायची. त्यावरही आम्ही हसायचो. अण्णा पेपर खाली न करता म्हणायचे, "आईला तसं म्हणायचं नाही." आम्हाला वाटायचं, आईचा अपमान होतो म्हणून रागावतात. तसं नव्हतं. ते पुढं म्हणायचे, "कासव ब्रॅडिमेटॅबॉलिक असतं. माणूस नसतो. शब्द नीट वापरा."

हल्ली आमच्या सोसायटीच्या बागेत फेऱ्या मारणाऱ्या बायका एकमेकींना सांगत असतात, "माझं ना, मेटाबॉलिझमच स्लो आहे." माझा भाचाही जिममधनं हेच शिकून आला आहे, आणि दोन वडापाव खाल्ल्यावर सांगतो. मला अण्णांसारखं तिथंच थांबवून सांगावंसं वाटतं की बाबा, तुझी चूल चांगली धगधगती आहे, वडापाव कमी कर. पण मी गप्प बसते. मोबाइलवर सगळं मिळतं म्हणतात, त्यांना तिथंच मिळू दे. शिवाय गेली वीस वर्षं मीही रोज सकाळी उपाशीपोटी एक गोळी घेते, ती का घेते हे सांगायला लागलं तर फेरी पुरायची नाही.

दुसऱ्या उन्हाळ्यात रहिमतपूरहून तानूमावशी आली. आईची धाकटी बहीण. तिची सासू अंथरुणाला खिळली होती, ती वारेपर्यंत जवळजवळ दोन वर्षं तिला माहेरपण, बहीणपण काही जमलं नव्हतं. एस.टी.तनं उतरून, खांद्यावर घेवड्याची पिशवी घेऊन ती भर दुपारी दारात उभी राहिली, आणि तिच्या आवाजानं गिरणीवालासुद्धा बाहेर डोकावला. आई उठून दारापर्यंत आली. मावशीनं पिशवी खाली ठेवली आणि आईच्या दोन्ही हातांना धरलं. मग तिचा चेहरा जवळनं निरखला, भुवयांवरनं अंगठा फिरवला.

चहाच्या वेळेला अण्णा खुर्चीवर पेपर घेऊन बसले होते, मावशी खाली सतरंजीवर. आई आत चहा गाळत होती.

"आवं दाजी," मावशी म्हणाली, "हिला काय झालंय?"

"कुणाला?"

"माज्या भैनीला. आनि कुनाला?"

"काही नाही. जरा अशक्तपणा आहे. औषध चालू आहे."

"अशक्तपना?" मावशीचा आवाज चढला. "हात गार पडलाय तिचा, ह्या उनात! भुवया बगा की, निम्म्या गळाल्यात. मी बोलल्यालं तिला दोनदा सांगावं लागतंय. ही माजी अक्का न्हवं दाजी. माजी अक्का अशी न्हवती."

मंदाताईनं वातावरण हलकं करायला म्हणून मधेच तोंड घातलं. "काय न्हाई गं मावशे. आमची आई ब्रॅडी हाय." आणि मी खिदळले.

अण्णांनी पेपर खाली केला. वर्गातल्या आवाजात सुरुवात झाली. "मंदे, शंभर वेळा सांगितलं. तो शब्द कासवाला लागू आहे. सरड्याला आहे, बेडकाला आहे. ज्या प्राण्याची आतली आग मंद असते, अंग हवेइतकं गार पडतं, हालचाल संथ होते, भूक कमी होते, असा प्राणी. माणूस उष्ण रक्ताचा आहे. निरोगी माणूस तसा असूच शकत नाही. निरोगी..."

एवढं म्हणून ते थांबले. आई तेव्हा स्वयंपाकघराच्या उंबऱ्यात उभी होती. हातात चहाचं ताट, अंगात खाकी स्वेटर, कपांवर साय धरलेली. ती आमच्यापर्यंत यायला निघाली होती आणि अजून आली नव्हती. अण्णा तिच्याकडं बघत राहिले. मी अण्णांना खूप जणांकडं बघताना बघितलं होतं, कोळ्याकडं, पालीकडं, भिंगाखालच्या कांद्याच्या पापुद्र्याकडं. आईकडं त्या नजरेनं बघताना कधी नव्हतं बघितलं.

ते उठले, ताट तिच्या हातातनं काढून मंदाताईकडं दिलं आणि आईचं मनगट धरलं. दुसऱ्या हातावरचं घड्याळ डोळ्यांसमोर घेतलं. "आवं, काय करताय," आई लाजून, तिच्या त्या घोगऱ्या आवाजात म्हणाली, "तानी बसलीया." अण्णांनी तिला गप्प राहायची खूण केली. नाडी मोजली. परत मोजली. मग मला जवळ बोलावून माझी मोजली, आणि तिसऱ्यांदा आईची. तोंडातल्या तोंडात काहीतरी म्हणाले. चहा कुणी प्यालं नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळच्या गाडीनं अण्णा, आई, मावशी आणि हट्ट धरून मी, असे चौघे सांगलीला गेलो. मंदाताईला घर राखायला ठेवलं याचा राग ती आजही काढते. गाडीत सगळे पदरानं वारा घेत होते आणि आई स्वेटरची बटणं लावून खिडकीशी बसली होती. समोरची बाई मावशीला हळूच म्हणाली, "ताप हाय का त्यास्नी?" मावशी म्हणाली, "तापच न्हाई की बाई. ताप असता तर बरं झालं असतं."

डॉक्टर म्हातारे होते, जाड भिंगाचा चष्मा, बोलणं तुटक. त्यांनी आईला चार प्रश्न विचारले आणि चारींची उत्तरं ती पुरी करेपर्यंत शांतपणे वाट बघितली. आमच्या घरात दीड वर्षात तेवढी वाट कुणी बघितली नव्हती. मग त्यांनी आईला खुर्चीवर गुडघे टेकून, पाठ करून बसायला सांगितलं आणि रबराच्या छोट्या हातोडीनं टाचेच्या वर हलकं मारलं. पाऊल पटकन मागं गेलं. आणि मग परत यायला निघालं. मी डोळे फाडून बघत होते. ते पाऊल एवढं सावकाश परत आलं, जसं काही कुणी समजूत घालून आणत होतं. डॉक्टरांनी अण्णांच्या पायावर हातोडी मारून दाखवली. अण्णांचं पाऊल गेलं आणि आलं, कळलंसुद्धा नाही.

"गळ्यातली ग्रंथी काम करत नाही," डॉक्टर म्हणाले. "सगळ्या शरीराचं काम मंद झालंय. रक्त तपासून घेऊ, पण मला शंका नाही. गोळ्या सुरू करतो, आधी अगदी थोड्या. बऱ्या होतील." मग चष्मा काढून म्हणाले, "उशीर केलात. असंच चाललं असतं तर एखाद्या कडाक्याच्या थंडीत या झोपल्या असत्या, त्या उठल्या नसत्या."

मावशीनं माझा हात एवढा आवळला की बांगडी रुतली.

"थायरॉइड," अण्णा म्हणाले. "अवटू ग्रंथी." ही ग्रंथी ते दर वर्षी नववीच्या वर्गात फळ्यावर रंगीत खडूनं काढायचे, फुलपाखराच्या आकाराची. त्यांच्या प्रयोगशाळेच्या भिंतीवर तिचा तक्ता होता, त्यांच्याच अक्षरात.

"तुम्ही काय शिकवता, मास्तर?" डॉक्टरांनी लिहिता लिहिता विचारलं.

"जीवशास्त्र."

"अस्सं," डॉक्टर म्हणाले, आणि परत लिहायला लागले. मला वाटतं, अण्णांना आयुष्यात कुणी मारलेली सगळ्यांत जोरदार छडी ती होती.

मावशी महिनाभर राहिली. रोज सकाळी आई उठली की अण्णा स्वतः पाण्याचा तांब्या आणि गोळी घेऊन तिच्यापुढं उभे. गोळीनंतर चहाला किती थांबायचं हे ते घड्याळ लावून बघायचे, आणि मधे आई चुलीकडं नुसती वळली तरी "अजून नाही" म्हणायचे. पहिले पंधरा दिवस काहीच झालं नाही. मंदाताई आणि मी आईकडं चोरून बघायचो. तो शब्द आम्ही दोघींनी आपण होऊन टाकून दिला होता. कुणी सांगितलं नव्हतं. मग एका दुपारी आईनं स्वेटर काढला, घडी घातली आणि ट्रंकेत टाकला. मग तिला भूक लागायला लागली. तिच्या आवाजातली खरखर गेली. एका सकाळी मी थपथपीनं जागी झाले आणि अंथरुणात तशीच पडून ऐकत राहिले.

डॉक्टरांनी सांगितलं होतं, ऊब येईल, आवाज येईल, केस येतील. राग येईल हे सांगितलं नव्हतं.

तो आला मावशी परत गेल्याच्या दुसऱ्या दिवशी. दीड वर्षात आईला कशाचाच राग आला नव्हता, आम्ही म्हणायचो आई कशी शांत झाली आहे. त्या सकाळी तिनं भाकऱ्या केल्या, झुणका केला, ताटं मांडली आणि वाढलं नाही. अण्णा पाटावर येऊन बसले. आई परातीवर दोन्ही हात टेकून त्यांच्याकडं बघत होती.

"दीड वरीस," ती म्हणाली. "माज्या हातापायातलं बळ गेलं. मला वाटायचं, मी म्हातारी झाले. मला वाटायचं, मलाच कामाचा कंटाळा आलाय. मीच मला बोलायची, चुलीम्होरं बसून. आनि तुमी? तुमी पोरींला शब्द शिकवत बसला व्हता."

मंदाताई आणि मी भिंतीला चिकटलो. अण्णांनी मान खाली घातली.

"चुकलं माझं," ते म्हणाले. हे वाक्य आम्ही त्यांच्या तोंडून तोवर ऐकलं नव्हतं.

"काय चुकलं?"

अण्णांनी वर बघितलं. वर्गात पोरांना ते हेच विचारायचे. चुकलं म्हणून भागत नाही, काय चुकलं ते सांग.

"शब्द बरोबर वापरा म्हणत राहिलो," ते हळू म्हणाले. "तुझ्याकडं बघितलं नाही. माणूस असा नसतो, हे मला ठाऊक होतं. मग ही अशी का, हे विचारायचं सुचलं नाही."

"ऐकू आलं न्हाई," आई म्हणाली. तिचा स्वतःचा आवाज आता खणखणीत होता, गिरणीच्या वर जाणारा. "पोरी लांब उभ्या हाईत. त्यास्नी बी ऐकू आलं पायजे. मोठ्यांदा."

अण्णा पाटावरनं उठून उभे राहिले. त्यांनी घसा साफ केला, आणि सगळं पहिल्यापासून परत सांगितलं, मोठ्यांदा.